अर्धी राहिलेली वेणी

अण्णा, काल नातवानं हट्टानं मला सिनेमाला नेलं आणि नेहमीप्रमाणे मी अर्ध्यातून उठून आले. आजीला कुठलंच चित्र शेवटपर्यंत का बघवत नाही, असं तो वाटभर विचारत होता. त्याला काय सांगणार? ज्यांना जाब विचारायचा ते तुम्ही, माझे वडील, जाऊनच तीस वर्षं झाली. तरी लिहायला बसले आहे.

गिरगावात तपासणीवाले घरोघर शिरत होते, ते दिवस. साथीचा ताप दिसला की माणसाला उचलून इस्पितळात नेत, आणि तिथून परत आलेलं आपल्या चाळीत कुणी पाहिलं नव्हतं. आईला ताप भरला तेव्हा शेजारच्या काकूंनीच युक्ती सांगितली. आईनं कुंकू लावून, अंबाड्यात फूल खोवून दारासमोर बसायचं आणि माझी वेणी घालायची. पोरीची वेणी घालणाऱ्या बाईला कोण आजारी म्हणेल? मी आठ वर्षांची. खरं तर ती माझ्या पाठीवर रेललेली असे, तिचा श्वास माझ्या मानेला भाजायचा. "हलू नकोस गं," एवढंच म्हणायची. मी हलत नसे. दोनदा बूट वाजत आले, दारातून डोकावले आणि पुढे गेले. दुसऱ्या वेळी मला इतका अभिमान वाटला की पाठीला रग लागल्याचंही मी कुणाला सांगितलं नाही.

तिसऱ्या दिवशी तुम्ही कचेरीत गेला नाहीत. सकाळी जरा बाहेर जाऊन आलात, आणि दुपारी कोट चढवून मला म्हणालात, चल, मैदानावर तंबूत हलती चित्रं आली आहेत. तुम्ही, ज्यांनी मला कधी कोपऱ्यावरच्या देवळातसुद्धा नेलं नव्हतं! वेणी अर्धी झाली होती. आईनं पेड मुठीत धरून ठेवला, तो मी सोडवून घेतला आणि शेपटा तसाच मोकळा घेऊन तुमच्याबरोबर ट्रॅममध्ये चढले. घोड्यांच्या घुंगरांचा आवाज मला अजून आठवतो, इतकी मी खूश होते.

तंबूत अंधार. पडद्यावर कुठल्याशा परक्या मुलखातली एक बाई अंगणात कोंबड्यांना दाणे टाकते आहे. मिनिटभर टाकते, आपल्याकडे बघून हसते आणि नाहीशी होते. मी विचारलं, ती कुठे गेली? तुम्ही म्हणालात, "जाते कुठे? पुन्हा लावली की पुन्हा येते." आणि ती खरंच आली, कारण आपण दुसरा खेळही पाहिला. तुम्ही सारखं घड्याळ काढत होता. माझ्या सुनांना, लेकींना मी आयुष्यभर हेच सांगत आले की माझ्या बापानं मला दोन खेळ बसवून ठेवलं, घरातलं काम उरकेपर्यंत.

घरी आलो तर भिंतींवर ओला चुना होता आणि चौकात आपल्या गाद्या जळत होत्या. काकू म्हणाल्या, "आत्ताच नेली. फणी हातात धरून एकटी बसली होती. त्यांना बघून उठायला गेली आणि पडली." मग माझ्याकडे न बघता तुमच्याकडे बघत म्हणाल्या, "सकाळी वर्दी कुणी दिली, ते आम्हाला कळलंय हो." तुम्ही नाही म्हणाला नाहीत. पोर दिवसभर तिला टेकून बसते, तीही हातची गेली असती, असं काहीतरी त्यांनाच पुटपुटलात. मला मात्र सांगितलंत, आई बरी होऊन येईल. चौथ्या दिवशी ती गेली, आणि त्यानंतरही दोन महिने तुम्ही ती येईल असंच म्हणत होतात. केसानं गळा कापणं म्हणतात ते हेच, अण्णा.

त्या दिवसापासून मी कुणालाही माझ्या केसांना हात लावू दिला नाही. लग्नातसुद्धा अंबाडा मीच घातला. अजूनही कुठे गेले की भिंतीला पाठ लावून बसते. तुम्ही मला वाचवलंत, असं लोक म्हणतात. वाचवलंही असेल. पण मला सांगून वाचवायचं होतंत. मी रडले असते, तुमच्या अंगावर धावून आले असते, पण जाताना आईच्या मुठीतून केस असे ओढून घेतले नसते.

हे पत्र फणीच्या डब्यात ठेवते आहे, दुसरीकडे कुठे धाडणार? मात्र एक गोष्ट मी आजवर कुणाला सांगितलेली नाही. पहिला खेळ संपला तेव्हा तुम्ही उठला होतात. "चल बाळ, घरी जाऊ, अजून वेळ आहे," म्हणालात. मीच तुमचा कोट धरून खाली बसवलं आणि म्हटलं, आणखी एकदा.