जपानी गुंडाळी, ग्रीक सारण आणि बाबांची शुगर

सोमवार, ३ जून
आजपासून घराची सूत्रं माझ्याकडे. निदान नाश्त्याची तरी. बाबांचा डायबेटीस मुळापासून उपटायचा. डॉक्टरांना जमलं नाही, कारण त्यांना जमवायचंच नाही. पेशंट बरा झाला तर क्लिनिकमधला एसी कशावर चालणार?
प्लॅन लो-कार्ब. जपानी लोक सडपातळ, ग्रीक लोक दीर्घायुषी. दोघांना एका ताटलीत आणलं की बाबा सडपातळ आणि दीर्घायुषी. जपानी गुंडाळी ऑम्लेट, आत ग्रीक सारण : पालक, ऑलिव्ह, खारट चीज. ब्रेड, दूध, फळं बंद. साखरेचा डबा माळ्यावर.
सकाळचं इन्सुलिन बाबा स्वतः टोचून घेतात, नेहमीचा डोस. त्यात मी ढवळाढवळ करणार नाही. ज्यातलं कळत नाही त्यात हात घालू नये.

मंगळवार, ४ जून
ऑम्लेट गुंडाळलं गेलं नाही. दोष पॅनचा. बाबांनी विचारलं, हे खायचंय की याने टेबल पुसायचंय? अर्धं खाल्लं. सुरुवात चांगली.

शुक्रवार, ७ जून
रीडिंग दोनशेवरून एकशे तीस! शोरूममध्ये सगळ्यांना सांगितलं. एक गिऱ्हाईक टाइल्स न घेताच गेलं, पण ज्ञान घेऊन गेलं.
ताईचा फोन. ती दुसऱ्या गावी नर्स आहे. म्हणाली, डॉक्टरांना विचारून डोस कमी केलास का? मी म्हटलं, कशाला? आकडा तर उतरतोय. ती म्हणाली, अरे म्हणूनच! ताईचं लहानपणापासून हेच. माझं काही चांगलं चाललेलं बघवत नाही.

सोमवार, १० जून
बाबांना शर्टाची बटणं लावता येईनात. हात थरथरत होते, कपाळावर घाम. ही म्हणाली, अहो, पंखा फुल आहे. मी समजावलं, शरीरातली घाण बाहेर पडतेय, व्हिडिओत सांगितलंय. ती उठून बाबांची बटणं लावायला लागली. पटलेलं दिसतं.

बुधवार, १२ जून
घरात फितुरी! बाबांच्या उशाखाली टॉफीचे कागद. ही गुपचूप देत होती. म्हणे गरगरायला लागलं की एक चघळतात, मग बरं वाटतं. सगळ्या जप्त केल्या. बाबांच्या बाजूचा या घरात मी एकटाच.
गुंडाळीला आजपासून समुद्री शेवाळाचं काळं पान. बाबांनी ते काढून ताटलीच्या कडेला ठेवलं. उद्या आतून लावेन.

शुक्रवार, १४ जून
सकाळी बाबांनी मला ‘दादा’ म्हणून हाक मारली. दादा म्हणजे त्यांचा थोरला भाऊ. जाऊन फार वर्षं झाली. मला म्हणाले, दादा, दार लावून घे, गार वाटतंय. दार लावलेलंच होतं.
जुन्या आठवणी ताज्या होतायत. मेंदूला चांगलं फॅट मिळालं की असं होतं.

रविवार, १६ जून, सकाळी
अठ्ठावन्न!! विक्रम. मशीननेसुद्धा बीप दिला, असं कौतुक त्याने आजवर केलं नव्हतं. फोटो फॅमिली ग्रुपवर टाकला. लगेच ताईचे फोनवर फोन. अभिनंदन नंतर घेऊ. फोन सायलेंटवर, गुंडाळताना लक्ष विचलित व्हायला नको.
आणि आज जमलं! एकही चीर नाही. ताटली घेऊन गेलो तर बाबा खुर्चीतच मान टाकून झोपलेले. तोंड जरा उघडं. इतकी गाढ झोप त्यांना कित्येक दिवसांत लागली नव्हती. उठवलं नाही. ऑम्लेट झाकून ठेवलंय.

त्याच दिवशी, दुपारी, हॉस्पिटल
ताईने शेवटी हिला फोन लावला. ही धावत आली, बाबांना हलवलं, आणि किंचाळली. बाबा उठेनात. ताई फोनवरून ओरडत होती, तोंडात काही ओतू नका, अँब्युलन्स बोलवा. अँब्युलन्सवाल्याने शिरेतून ग्लुकोज दिलं. थोड्या वेळाने बाबांनी डोळे उघडले आणि हिला विचारलं, काय झालं गं? मी तोवर खाली फरशीवर बसलो होतो. माझाही नाश्ता राहिला होता, म्हणून असेल.
ड्युटीवरच्या डॉक्टर बाईंनी विचारलं, इन्सुलिननंतर काय दिलं होतं? मी म्हटलं, आज खायचं राहिलं, पण रोज जपानी गुंडाळी असते, आत ग्रीक सारण, ब्रेड नाही, दूध नाही, शिवाय शेवाळ. पालक कसा पिळून घ्यायचा तेही सांगितलं.
त्यांनी सगळं लिहून घेतलं. मग सिस्टरांकडे वळून म्हणाल्या, रोज पूर्ण डोस घेऊन जवळजवळ उपाशी.

गुरुवार, २० जून
बाबा घरी. ताई रजा घेऊन आली आहे. डोस डॉक्टरांनी बदलून दिला, नाश्ता ताई करते. माझ्याशी कुणी भांडलं नाही. भांडले असते तर मुद्दे तयार होते.
सकाळी पाणी प्यायला स्वयंपाकघरात गेलो. बाबा टेबलाशी बसून खात होते. मला बघितलं आणि त्यांनी ताटलीवर हात ठेवला.
नकळत ठेवला असेल.
पाणी न पिताच बाहेर आलो.