येते म्हणायचं राहिलं

४ मार्च
आजपासून उचलायचं होतं — आणि हाताला काहीच लागलं नाही!

ध्यानाच्या वर्गातल्या बाई म्हणतात, माणूस म्हणजे दोन्ही हात भरलेले असताना दार उघडू बघणारा वेडा. आधी ओझं उंबऱ्यावर ठेवा. आत डोकावा. मग येताना एकेक उचला, सगळ्यात शेवटी ठेवलेलं सगळ्यात आधी. डोळे मिटून मनात करायचा हा उंबऱ्याचा फेरा. प्रत्येक वस्तू ठेवताना मनात म्हणायचं, ‘येते हं.’ म्हणजे ती तुमची वाट बघते.

वास ठेवला होता, चव ठेवली होती, गाणी ठेवली होती. ती सगळी तिथेच आहेत, मला दिसतात. पण त्यांच्या अलीकडे एक जागा आहे, शेवटच्या वस्तूची. ती रिकामी! ते काय होतं तेच आठवत नाही. आणि ते उचलल्याशिवाय मागचं काहीच हलत नाही. आज आमच्या दातांच्या कारखान्यात कवळीचं मेण करपलं, धूर झाला, तरी मला पत्ता नाही. शेजारच्या टेबलावरची ओरडली तेव्हा कळलं.

५ मार्च
घरात एक अनोळखी बाई शिरली! स्वतःच्या किल्लीने! चपला काढल्या, थेट स्वयंपाकघरात, आणि तोंडाचा पट्टा सुरू — “अगं, गॅस बारीक कर की, लक्ष कुठाय तुझं?” मी न्हाणीघरात जाऊन कडी लावून घेतली. नवरा आला तरी कडी काढली नाही.

“अगं, ताई आहे!” तो दाराबाहेरून म्हणाला.

“कोणाची?”

तो हसला. मग हसायचा थांबला. बाहेर ती बाई एकदम गप्प झाली. आणि तिचं ते गप्प होणं मला तिच्या बडबडीपेक्षा भयंकर वाटलं.

७ मार्च
बाईंना सांगितलं. टायरच्या दुकानावरची ती वर्गाची खोली, खालून हातोड्याचे घाव. बाईंचा चेहरा पांढराफटक पडला. त्यांना घाबरलेलं मी कधी पाहिलं नव्हतं.

“माणूस ठेवलंस? मी सांगितलं होतं, माणसं ठेवायची नाहीत.” मग हळूच म्हणाल्या, “शेवटचं ठेवलंस त्या दिवशी, बसायच्या आधी तू जिन्यात फोनवर भांडत होतीस. रागातच आत आलीस. आणि ठेवताना पुटपुटलीस ते मी ऐकलं. तू ‘येते’ नाही म्हणालीस. ‘जाते’ म्हणालीस.”

जाते! घरातून दूध आणायला निघालं तरी आपण ‘येते’ म्हणतो. आणि मी हे कोणाला म्हणाले, तेच मला ठाऊक नाही.

“परत मिळतं का?”

“बसत राहा,” एवढंच म्हणाल्या. डॉक्टर असं बोलले की लोक काय समजायचं ते समजतात.

८ मार्च
नवऱ्याने फोटो काढून समोर मांडले. प्रत्येकात माझ्या शेजारी ती. मी तिचे दात बघत बसले, दुसरं मला येतं काय? वरचा सुळा पुढच्या दातावर चढलेला, खालचा जबडा जरा मागे. आरशात जाऊन माझे बघितले. एकाच साच्यातले! बहीण आहे, शंकाच नाही. डोक्याला पटतं. बाकी कुठेच काही होत नाही.

आई गेल्यावर हिनेच मला वाढवलं म्हणे. मला भीती वाटते. तिची नाही, माझी. आज ही गेली, उद्या नवरा गेला तर?

१० मार्च
बसले. रिकामा हात.

१३ मार्च
जेवणाच्या सुट्टीत ती कारखान्याच्या फाटकाशी उभी होती, हातात डबा. मी मागच्या दाराने सटकले. चोरासारखी!

संध्याकाळी नवरा म्हणाला, “ताईने तुझ्या बाईंच्या खोलीत जायला सुरुवात केलीय. सकाळच्या तुकडीत. मला हे सोसत नाही, म्हणाली, कुठेतरी ठेवून द्यायचंय.”

“बरं झालं,” मी म्हणाले, “मनाला शांती मिळेल. इथे यायची थांबेल.”

तो उठला. चहा तसाच टाकून बाहेर गेला. मी काय वाईट बोलले?

१६ मार्च
मिळाली! मिळाली!!

आज उंबऱ्यावर काही शोधलंच नाही. त्या रिकाम्या जागेपाशी बसले आणि म्हणाले, “आले गं.” इतकंच. आधी केसांत हात आला, गुंता ओढणारा, दुखवणारा. मग आवाज — “मान सरळ ठेव, माकडा!” ताई! माझी ताई! मी खोलीत सगळ्यांसमोर हंबरडा फोडला. मागोमाग सगळंच आलं, खालून रबराचा वाससुद्धा. इतका घाणेरडा वास इतका गोड कधी वाटला नव्हता.

बाई मात्र हसल्या नाहीत. काहीतरी सांगू बघत होत्या. मी थांबलेच नाही. उद्या सकाळी उठल्या उठल्या ताईकडे. पाय धरीन, शिव्या खाईन.

१७ मार्च
ताईने दार उघडलं. किती शांत दिसत होती! माझ्याकडे बघून छान हसली आणि म्हणाली, “कोण हवंय तुम्हाला?”