हळदीच्या फाईलचा आवाज

मंगळ., ३ फेब्रु.
माझ्या हळदीचं जुनं शूटिंग फोनमध्ये उतरवून घेतलं. लग्नानंतर पहिल्यांदाच उघडलं. चित्र दिसतं, आवाज नाही. खाली पट्टी: ऑडिओ फॉरमॅट चालत नाही. मग फाईल घेतलीस कशाला, गाढव फोना?
दादाच्या मुलीची, पिंकीची हळद १५ला. आमच्यात धवला, म्हणजे लग्नातलं पारंपरिक गाणं, म्हटल्याशिवाय हळद लागत नाही. गावाला, कोनमध्ये तो आईच गायची. घशाच्या ऑपरेशनमध्ये आवाज गेला, लिहिता येत नाही. आता वहिनी गाणार, पण शब्द कुठून आणणार? उरलं हे शूटिंग.

गुरु., ५ फेब्रु.
खांदा कॉलनीतला मोबाईलवाला: "नवीन हँडसेट घ्या ना." शी! फाईल बघितलीसुद्धा नाही मेल्याने.
ऑफिसात एकीने सांगितलं, प्लेयरला बाहेरचा कोडेक जोडा, तो आवाज उलगडतो. शोधला. 'डाउनलोड'ची सात बटणं, सहा खोटी. एकातून रमी, एकातून उघडी बाई. किळस आली. नंतर हात धुतले, खरंच.

शनि., ७ फेब्रु.
कोडेक चुकीचा. प्रत्येक प्रोसेसरचा वेगळा असतो म्हणे. कुठला हवा ते प्लेयरच्या सेटिंगमध्येच लिहिलेलं. काखेत कळसा! योग्य तो टाकला. पट्टी गेली, सुरुवातीची सनई वाजली. तिथेच थांबवलं. पुढचं उद्या, आईसोबत.

रवि., ८ फेब्रु.
कोन. फोन पिठाच्या डब्याला टेकवला. हळद आली. आईचं तोंड हलतंय आणि वाजतोय डीजे. शेवटपर्यंत डीजेच.
वहिनी: "भावजी, यो धवला हाय?"
शूटिंगवाल्याला तिथूनच फोन लावला, स्पीकरवर. नाही नाही ते बोललो. तो थंडपणे, "दादा, तुमीच सांगितलं व्हतं. म्हातारीचं रडगाणं काढ, डीजे टाक. मूळ शूटिंग आता नाय माज्याकडं."
खरं आहे. मीच सांगितलं होतं. मित्रांसमोर लाज वाटायची. सोयीने विसरलो.
स्वतःची इतकी शिसारी कधी आली नव्हती. आईने सगळं ऐकलं. भाजी निवडत राहिली.

बुध., ११ फेब्रु.
पुन्हा कोन. रविवारी वहिनीच्या फोनमध्ये कोडेकसकट टाकून दिलेलं शूटिंग आई रोज बघते म्हणे. आधी आवाज बंद करते. मी आठवडा घालवून आणलेला आवाज! मग पडद्यावरच्या स्वतःच्या ओठांवर बोट ठेवते. वहिनी अंदाजाने शब्द म्हणते, बरोबर असला की आई मान हलवते. चार ओळी जमल्या.
पाचवीत वहिनी अडली आहे. आई शूटिंग मागे मागे नेऊन तोच शब्द दाखवते. वहिनी काहीबाही म्हणते, आई नाही नाही करते.
मला दिसतंय. आईने धवल्यात गुंफलेलं माझं नाव आहे ते.
अजून बोललो नाही.