मुक्कामाचं जेवण

प्रिय चिमणे,

आधी कोण टपकलं असेल, सांग बघू? तुझे आईबाप नव्हेत. वरच्या मजल्यावरची शिंपीणबाई! सुई मागायला आले म्हणते. शिंपीण, आणि सुई मागायला! दालचिनीचा वास वर पोचला असणार, दुसरं काय. बसली खुर्ची अडवून आणि विचारते कशी, "काय हो आजी, आज निरोपाचं जेवण वाटतं?" तिला सगळं ठाऊक. गेल्या महिन्यात ते फडकं पेटून माझं मनगट भाजलं, तेव्हापासून तुझ्या बापाने एकच धोशा लावलाय. शेगडी बंद, तू पाठवलेला ओव्हन बंद, आता बाहेरचा डबा. आज तो सगळं उचलून न्यायलाच येणार होता. मी म्हटलं, निरोपाचं नव्हे गं बाई, मुक्कामाचं जेवण आहे हे.

तू फोनवर सांगितलं होतंस ना, तोंडी लावायला रताळी आणि सफरचंदं भाजायची, तेच केलं. रताळी सालासकट अर्धी कच्ची उकडली, पुरती उकडली तर लगदाच होतो. सफरचंदं आंबटसर घेतली, नाहीतर गोडाला गोड, जीभ कंटाळते. एक चकती याची, एक चकती त्याची, लग्नाच्या फोटोतल्या पाहुण्यांसारखी दाटीवाटीने उभी केली. वरून लोणी, साखर, दालचिनी, मीठ चिमूटभर. आता एक गोष्ट माझी, तुझी नव्हे. कडेला बुडबुडे आले की मी ओव्हन बंद करते आणि दार उघडतच नाही. आतल्या धगीवर ते निवांत मुरतं. पूर्वी निखाऱ्यावर झाकून ठेवायचो, तसं.

तेवढ्यात हे दोघं आले. तुझी आई पाणी प्यायला आत गेली, बाहेर आली, आम्ही गप्पा मारत बसलो. आणि धूर! तुझा बाप ताडकन उठला. "बघ आई, हेच म्हणत होतो मी!" शिंपीणबाई तर खुर्चीच्या टोकावर आली. मी उठून ओव्हनपाशी गेले. या बोटांनी बंद केला होता मी! की केलाच नव्हता? डोकं खरंच चळलं की काय माझं? मग बटण पाहिलं, तर ते पार शेवटाला फिरवलेलं. मला नीट दिसत नाही म्हणून मी त्यावर नखांच्या रंगाचा ठिपका दिलाय, त्याच्या पुढे मी जन्मात जात नाही. तुझ्या आईकडे बघितलं, तर ती आपल्या पायांच्या अंगठ्याकडे बघतेय. उजेडच पडला डोक्यात. सासू विसरली, नवऱ्याला कळायच्या आत आपणच लावून टाकावा, असं वाटलं असेल बिचारीला. माझ्या भल्यासाठीच केलं, तिला काय बोलू?

म्हटलं, कुणी आत पाऊल टाकायचं नाही. काळा झालेला थर सुरीने उचलला, खालचं छान होतं. उरलेली सफरचंदं चिरली, नव्याने रचली, लोणी घातलं, परत आत सारलं. तुझा बाप दारात उभा राहून माझ्या हातांकडे बघत होता. बघ म्हटलं, डोळे भरून बघ. तेव्हा मागून तुझी आई म्हणाली, "अहो, मीच लावला होता. आईंनी बंद केलेला." त्याचं तोंड बघायला हवं होतंस! आणि शिंपीणबाईने काय म्हणावं? "अगंबाई, म्हणजे आजी शुद्धीवर आहेत!"

लहानपणापासून रताळ्याला नाक मुरडणारा माझा लेक, तीनदा मागून जेवला. ओव्हन न्यायला आणलेलं खोकं रिकामंच परत घेऊन गेला.

पण माझाच मुलगा तो, हट्टाला कमी कसा असेल? हो म्हणाला नाहीच. जिन्यात म्हणाला, "ओव्हन चिमणीने दिलाय, तिलाच विचारतो, ती म्हणेल तसं." म्हणून हे पत्र. फोनवर तू मला मध्येच तोडतेस, म्हणून कागदावर घातलं. तुझा जीव घाबरा होईल, मला ठाऊक आहे. माझं मनगट बघून रडली होतीस. तरी त्याला सांग, राहू दे. माझी दया येते म्हणून नको सांगूस, मला जमतं म्हणून सांग. आणि लवकर सांग बाई, दोघं रविवारी परत येतो म्हणालेत.

तुझीच, आपल्याच घरची स्वयंपाकीण,
आजी