माझ्या कारखान्याचं दुकान कुणी केलं?

११ फेब्रुवारी
विजेचं बिल दीडपट आलं. मशीनं तीच, काम तेच. कोपऱ्यात बारीक अक्षरात 'व्यापारी' छापलंय. गेल्या महिन्यापर्यंत 'लघुउद्योग' होतं. मी पुस्तकं बांधते, विकत नाही. बाइंडिंगच्या कारखान्याचं दुकान कुणी केलं?

१३ फेब्रुवारी
वीज कंपनीत दोन तास बसले. कारकून म्हणाला, एकवीस जानेवारीला तपासणी झाली, म्हणून दर बदलला. त्या दिवशी मी कॉलेजात रजिस्टरं पोचवायला गेले होते. मग तपासणीवाल्याला भेटलं कोण? यावर तो स्क्रीनकडेच बघत राहिला. काहीतरी दडवतोय.

१४ फेब्रुवारी
शेजारचा झेरॉक्सवाला सकाळी सकाळी विचारतो, "ताई, बिल किती आलं?" आजवर कधी विचारलं नाही! त्याला माझी मागची खोली हवीय, हे सगळ्या गल्लीला ठाऊक आहे.

१९ फेब्रुवारी
हा दर कायम राहिला तर पुस्तकं शिवणाऱ्या दोघींपैकी एकीला घरी बसवावं लागेल. आज दोघी मान वर न करता घडी घातलेल्या पानांचे फर्मे शिवत होत्या. एरवी तोंडाला खळ नसतो. कुणीतरी यांच्या कानावर घातलंय.
नवऱ्याला बिल दाखवलं. नोकरी सुटल्यापासून हे कारखान्याच्या खिडकीशी बसून पेपर वाचतात. "भरून टाक आणि मोकळी हो," म्हणाले. पेपरही खाली केला नाही. सतरा वर्षांत माझ्या कामाला बरं म्हणून एक शब्द नाही, आता काय बोलणार!

२७ फेब्रुवारी
तक्रार मंचात पहिली सुनावणी. माझ्याआधी कंपनीचा इंजिनियर अधिकारी बाईंच्या खोलीतून हसत बाहेर आला. आत टेबलावर चहाचे दोन कप. म्हटलं, झालं आपलं काम!
बाईंनी मात्र नीट ऐकून घेतलं. तपासणीचे कागद आठ दिवसांत हजर करा, असं कंपनीला बजावलं. तोंडदेखलं असणार.

६ मार्च
कागद मिळाले. म्हणजे एकच पान, शेवटचं. खाली 'तपासणीच्या वेळी हजर व्यक्तीची सही'. झेरॉक्सवाल्याचीच असणार म्हणून चष्मा पुसून बघितलं.
सही ह्यांची.
दिवसभर कटिंग मशीनला हात लावला नाही. बोटं गेली असती.

७ मार्च
सुनावणीला चला म्हटलं. ह्यांनी नुसती मान हलवली. कशाची सुनावणी, हेही विचारलं नाही. म्हणजे पहिल्या दिवसापासून सगळं माहीत! कारखाना बंद पडावा असं वाटतं का ह्यांना? माझ्या मिळकतीवर घर चालतं, ते डोळ्यांत सलतं का? विचारणार होते. विचारलं नाही. उत्तर खरं निघालं तर काय करू?

९ मार्च
दुसरी सुनावणी. कंपनीनं आज आणलेलं पहिलं पान बाईंनी मोठ्याने वाचलं. ह्यांचा जबाब. "बायकोचं मोठं दुकान आहे. लांबून लांबून गिऱ्हाईक येतं. तिच्यासारखं पुस्तक या शहरात कुणी बांधत नाही."
हे खरं आहे का, बाईंनी ह्यांना विचारलं.
"शेवटचं खरं आहे," हे म्हणाले. "बाकी मी वाढवून सांगितलं."
जुना दर परत लागला. बसस्टॉपपर्यंत आम्ही एकमेकांकडे बघितलं नाही.