तिरकं गेलेलं प्यादं

९ मार्च

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

फोन सोडून पत्र कशाला, असं म्हणशील. घरातून बोलायची सोय नाही, बाबांचे कान फार तिखट आहेत. म्हणून कचेरीत पाण्याच्या नळांचे नकाशे बाजूला सारून लिहितेय.

शनिवारी स्पर्धेत बाबांनी प्यादं उचललं आणि उंटासारखं तिरकं, पार पटाच्या दुसऱ्या टोकाला नेऊन ठेवलं. आत्या, इतकी वर्षं ग्रँडमास्टर असलेल्या माणसानं. समोरचा खेळाडू आधी हसला, त्याला थट्टा वाटली. मग पंच आले. बाबांनी पटावर वाकून पाहिलं, हात मिळवला आणि डाव सोडून दिला.

आता मला मागचं एकेक आठवतंय. चहा कपाबाहेर ओततात. शेजारचे मास्तर समोरून आले तरी ओळख दाखवत नाहीत. ज्या पेपरसाठी आमची भांडणं व्हायची त्याला हात लावत नाहीत, त्यात काही नसतं म्हणतात. आजीनं शेवटी तुम्हा दोघांना ओळखलं नव्हतं, ते तू पाहिलंयस. तेच तर नाही ना हे? खेळ सोडतोय असं संघटनेला कळवायचं त्यांनी ठरवलंय. मी मेंदूच्या डॉक्टरांची वेळ घेतलीय, पण माझंच डोकं ठिकाणावर नाही. काल एक नळ मी सरळ शाळेच्या वर्गातून काढला.

काहीतरी धीराचं लिही. तुझ्या मायेची मला सवय आहे, ती मोडू नकोस.

तुझी,
खारू

१३ मार्च

चि. खारूस,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र वाचलं आणि गिऱ्हाइकाच्या कोटाला बाही उलटी लावली. एका प्याद्यावरून दादाचं डोकं गेलं असं ठरवायला तू कोण गं मोठी लागून गेलीस? भीती मलाही वाटली, खोटं कशाला सांगू. आईचं ते अनोळखी बघणं मी विसरलेले नाही. पण रडत बसण्यापेक्षा तपासून पाहू.

लहानपणी आम्हाला गोवर आला होता, तेव्हा खोली अंधारी करून ठेवली होती. काय करणार, आम्ही तोंडी बुद्धिबळ खेळायचो. पट नाही, मोहरे नाहीत, नुसत्या चाली सांगायच्या. तेव्हापासून त्याचं डोकं मला आतून ठाऊक आहे. रविवारी दुपारी मी फोन करीन. त्याला पटापासून लांब बसव. सांग, धाकटीला दुकानात कंटाळा आलाय, एक डाव खेळा. नाही म्हणाला तर हरायला घाबरलात का विचार, लगेच फोन घेईल.

जेवत जा वेळेवर. माझा जीव तुझ्यापाशी आहे, तो सांभाळ.

तुझी,
आत्या

१८ मार्च

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

डाव तू हरलीस ते तुला माहीतच आहे. तुला जे दिसलं नाही ते सांगते. बाबा डोळे मिटून, पाय हलवत बसले होते. तू तुझ्याच प्याद्यावर घोडा ठेवलास तेव्हा तुझ्यावर केवढे ओरडले. पण रिसीव्हरवर हात ठेवून पोटभर हसलेही. कितीतरी महिन्यांनी हसले. मला वाटलं, सुटलो.

मग तोच डाव मला दाखवायला पट मांडला, आणि उंटाच्या जागी प्यादं ठेवलं. हे प्यादं आहे असं मी म्हटलं, तसं त्यांनी ते बोटांनी चाचपलं आणि उठून खोलीत गेले. मनात सगळं नीट आणि पटावर चूक, हे काय आहे? मला तर काही सुचेनासं झालंय.

तुझ्या पत्राच्या वाटेवर,
खारू

२२ मार्च

चि. खारूस,
अनेक आशीर्वाद.

अगं वेडाबाई, चाचपलं म्हणून स्वतःच्या हातानं लिहिलंस आणि तुझं तुलाच कळलं नाही? ज्याला दिसत नाही तो चाचपतो. घोडा मी मुद्दाम चुकीच्या घरात ठेवला होता, पकडतो का ते बघायला. त्यानं लगेच पकडला.

आमच्या दुकानातल्या काजंवाल्या बाईंनी मागे निळ्या कोटाला काळ्या दोऱ्याची काजं केली. त्यांचं कामात मन नाही म्हणून आम्ही कुजबुजायला लागलो, आणि निघाला मोतीबिंदू. नजर धूसर झाली की उंट काय नि प्यादं काय, दोघांची टाळकी गोलच. चहाचा कप, मास्तर, पेपर, सगळं पुन्हा आठवून बघ. दादाला आधी डोळ्यांच्या डॉक्टरकडे ने. ऐकलं नाही तर मी राहायला येतेय म्हणून सांग, मुकाट्यानं जाईल.

निकाल कळेपर्यंत माझ्या घशाखाली घास उतरायचा नाही.

आत्या

२० एप्रिल

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

फोनवर मी नुसती रडले, आता नीट सांगते. दोन्ही डोळ्यांत पिकलेले मोतीबिंदू. इतके दिवस खेळत कसे होतात, असं डॉक्टरीणबाईंनी विचारलं, तर म्हणाले, पटाकडे बघतं कोण. मेंदूच्या डॉक्टरांनीही सगळं ठीक असल्याचं सांगितलं. पटावर फक्त राजा आणि प्यादं उरलं की डाव कसा जिंकायचा, ते बाबांनी त्यांनाच शिकवलं, बाहेर माणसं ताटकळली.

तिथून उतरताना बाबा जिन्यातच खाली बसले. आजीसारखंच झालंय अशी त्यांचीही खात्री झाली होती. मी नोकरी सोडून घरी बसेन या भीतीनं ते मला बोलले नव्हते. मग आम्ही दोघं त्या पायरीवर बसून मनसोक्त रडलो.

उजव्या डोळ्याची पट्टी काल निघाली. त्यांनी मला खालून वर न्याहाळलं आणि केस केव्हा पिकले म्हणून विचारलं. डावा डोळा पुढच्या महिन्यात.

तुझी, आणि कायमची तुझ्या ऋणात,
खारू

१५ जून

चि. धाकटीस,
अनेक आशीर्वाद.

माझ्या पाठीमागे तुम्ही दोघींनी केलेला पत्रव्यवहार खारूनं मला वाचायला दिला. माझं स्वतःचं डोकं तुम्ही टपालानं तपासलंत. रागावणार होतो, जमलं नाही.

काल पुन्हा स्पर्धेत बसलो. समोर एक दंतवैद्य बाई होत्या, नावाजलेल्या वगैरे नाहीत. बरोबरीनं चाललं होतं. मग त्यांनी हत्तीचा बळी दिला. हत्ती मला लख्ख दिसला, तो का दिला तेही दिसलं, पण उशिरा. त्या चालीला उत्तर नव्हतं. मी हरलो.

हॉलमधली माणसं नजर चुकवायला लागली. खारूचा चेहरा तर एवढासा झाला. मी मात्र उठून बाईंना सांगितलं की चाल फार सुंदर होती, आणि त्यांच्याकडून पहिल्यापासून सगळा डाव समजून घेतला. बाहेर आल्यावर खारूनं हळूच विचारलं, बाबा, वाईट वाटतंय का.

मी तिला म्हटलं, अगं, त्या चांगल्या खेळल्या म्हणून मी हरलो.

ते ऐकून ती रस्त्यातच माझ्या गळ्यात पडली.

तुझी माया अशीच मागच्या दारानं येत राहो.

तुझा,
दादा