पेटीच्या प्रसंगातली व्हायोलिनं

टोकियो, नोव्हेंबर १९५४

आईच्या पायाशी शिगेहारूचा नमस्कार.

माझी तब्येत छान आहे, जेवणही वेळेवर होतं. लोणच्याचे मुळे पडवीत टांगून झाले का? स्टुलावर तू चढू नकोस, ताईला चढू दे.

संताप मात्र आवरत नाही, म्हणून लिहितोय. नव्या चित्रपटात एका आईकडे युद्धावरून मुलाच्या अस्थींची पेटी येते. तिथे मी एकही वाद्य ठेवलं नव्हतं, फक्त शेगडीवरच्या किटलीचा आवाज. दादाची पेटी आली तेव्हा आपल्या घरात तेवढाच आवाज होता, आठवतं? इतकी वर्षं चित्रपटांना संगीत देतोय आणि दर वेळी सूर कमी करत आलोय, ते त्या दिवसामुळेच.

आमचे निर्माते कुरिहारा म्हणाले, "सेन्सेई, व्हायोलिन वाजलं नाही तर रुमाल कधी काढायचा हे बायकांना कळणार कसं?"

मी म्हणालो, "तुमच्या घरात कोणी गेलं, तेव्हा तुम्हाला कोणी इशारा केला होता?"

तेव्हा नुसते हसले. मग मला न विचारता दुसऱ्या कुणाकडून तिथे ढीगभर व्हायोलिनं कोंबून घेतली, हलकट माणूस! वर नाव माझंच, तेही मोठ्या अक्षरांत. काढा म्हटलं, तर म्हणे पोस्टरं छापून झाली.

तू सगळी आळी गोळा करून बघायला जाणार, हे मला ठाऊक आहे. जा. पण पेटी दारात आली की दोन्ही कानांत बोटं घाल. तेव्हा जे ऐकू येईल, ते माझं.

तुझा,
शिगेहारू